फोर्ट स्टिकिन: पुरती दोन वर्षंही न जगलेली बोट

धक्क्यावरचा
14 एप्रिल, सकाळी 10:20

आज 14 एप्रिल. भायखळ्याच्या अग्निशमन मुख्यालयातल्या स्मारकाचे फोटो सकाळपासून ग्रुपांवर फिरतायत, 1944 च्या गोदीतल्या स्फोटात गेलेल्या 66 जवानांना मानवंदना वगैरे, आणि ते योग्यच आहे. पण दरवर्षी मला एक गोष्ट खटकते. स्फोट सगळ्यांना माहिती असतो, सोन्याच्या विटा तर त्याहून जास्त माहिती असतात, आणि बोटीचं मात्र नुसतं नाव. कुठली होती, वय काय होतं, मुंबईत काय करायला आलेली, कोणी विचारत नाही. जणू ती फुटायलाच जन्माला आली होती.

म्हणून म्हटलं धागा बोटीवर काढू. स्फोटावर शेवटी येणारच, पण वाटेत जरा थांबत थांबत.

एस. एस. फोर्ट स्टिकिन. 1942 मध्ये कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्यावर, ब्रिटिश कोलंबियातल्या प्रिन्स रूपर्ट गावात बांधली. 7,142 ग्रॉस टन (हे बोटीच्या आतल्या जागेचं माप, वजन नव्हे), लांबी 424 फूट, रुंदी 57 फूट. वाफेचं इंजिन, वेग कसाबसा 11 नॉट, म्हणजे ताशी 20 किलोमीटर. सायकलवाला गाठेल. तेव्हा जर्मन पाणबुड्या अटलांटिकमध्ये इतकी जहाजं बुडवत होत्या की ब्रिटनला बुडणाऱ्यांपेक्षा जास्त वेगानं नवीन बोटी पाहिजे होत्या. सुंदरलँडच्या एका जहाजबांधणीवाल्याचा साधासुधा आराखडा घेतला आणि तो अमेरिका-कॅनडात पोचवला. त्यातून अमेरिकेत लिबर्टी जहाजं निघाली आणि कॅनडात फोर्ट जहाजं. हिला अमेरिकेनं विकत घेऊन लेंड-लीजखाली, म्हणजे युद्धात दोस्तांना माल वापरायला द्यायच्या योजनेत, ब्रिटनला दिली, म्हणजे कॅनडाची पोर, अमेरिकेचा पैसा आणि सासर इंग्लंडचं.

असल्या बोटी पाचेक वर्षं टिकल्या तरी बास, असाच हिशोब होता. एकदोन खेपा नीट झाल्या की पैसे वसूल. हिला पुरती दोन वर्षंही मिळाली नाहीत.

24 फेब्रुवारी 1944 ला ती लिव्हरपूलसमोरच्या बर्कनहेडहून निघाली. जिब्राल्टर, पोर्ट सैद, कराची आणि मग मुंबई. निघतानाच पोटात 1,395 टन दारुगोळा, त्यातला 238 टन 'अ' वर्गाचा म्हणजे सगळ्यात नाजूक. पाणतीर, सुरुंग, तोफगोळे. खोक्यांत बांधलेली स्पिटफायर विमानं. आणि 31 पेट्यांत सोन्याच्या 124 विटा. इथपर्यंत ठीक, युद्धाचा माल आहे, जायलाच पाहिजे. खरी गंमत कराचीत झाली. तिथे रिकाम्या जागेत 8,700 गाठी कापूस भरला, वंगणतेलाची पिंपं, लाकूड, गंधक, भंगार लोखंड, तांदूळ, राळ आणि मासळीचं खत. कप्तान अलेक्झांडर जेम्स नेस्मिथ यांनी या भेसळीबद्दल निषेध नोंदवला. त्यांनी मालाचं वर्णनच असं केलेलं की जळेल किंवा फुटेल असं जवळजवळ सगळं बोटीवर आहे. ऐकलं कुणी नाही, कारण पंजाब-सिंधचा कापूस रेल्वेनं मुंबईला आणायला तेव्हा बंदी होती आणि बोटीत जागा मोकळी होती. युद्धात मोकळी जागा म्हणजे पाप.

12 एप्रिलला मुंबई. व्हिक्टोरिया डॉक, एक नंबरचा धक्का. पुढचं संध्याकाळी टाकतो, ऑफिसात मीटिंग आहे.


चहाबाज
14 एप्रिल, सकाळी 10:41

वाचनखूण साठवली आहे. पुढच्या भागाच्या प्रतीक्षेत. सायकलवाला गाठेल हे आवडलं.


खवळलेला दर्या
14 एप्रिल, दुपारी 12:05

चांगला धागा. तीस वर्षं मर्चंट नेव्हीत काढल्येत म्हणून एक सांगतो, तुम्ही चुकला नाहीत पण खाली प्रतिसादांत कुणीतरी 'नौदलाचं जहाज' म्हणणारच म्हणून आधीच बोलतो. फोर्ट स्टिकिन नौदलाची नव्हती. मालकी सरकारी, ब्रिटनच्या युद्ध वाहतूक मंत्रालयाखाली, चालवायला एक खाजगी कंपनी आणि माणसं व्यापारी जहाजावरची. युद्धात असल्या बोटींवर तोफा बसवायचे आणि त्या चालवायला नौदलाचे नाहीतर लष्कराचे गोलंदाज ठेवायचे, म्हणून फोटोत लढाऊ वाटतात.

खरोखर नौदलाच्या ताफ्यातल्या मालवाहू बोटी अमेरिकनांकडे ढिगानं होत्या. बरीचशी तीच लिबर्टी जहाजं, रंग बदलून नौदलात घेतलेली, पण सगळी नव्हेत. नौदलाच्या त्या बोटींतल्या दोनचं आयुष्य हिच्याइतकंच किंवा हिच्याहून आखूड. रात्री लिहितो, मोबाईलवर टायपायला बोटं नाहीत माझी.


शंकेखोर
14 एप्रिल, दुपारी 12:30

1,395 टन म्हणजे फार वाटतं पण या बोटीची माल वाहायची ताकद दहा हजार टनांच्या आसपास असते. म्हणजे सातवा हिस्सा दारुगोळा. मग ती 'दारुगोळ्याची बोट' कशी?


धक्क्यावरचा
14 एप्रिल, दुपारी 12:52

@शंकेखोर नेमका मुद्दा काढलात. म्हणूनच तर. पूर्ण दारुगोळ्याचीच बोट असती तर तिला सगळ्यांनी दारुगोळ्याची बोट म्हणूनच वागवलं असतं. ही मिश्र भेळ होती म्हणून कुणालाच ती नक्की काय आहे ते वाटलं नाही. स्फोटकं असलेल्या बोटीवर लाल बावटा लावायची पद्धत होती, हिच्यावर तो नव्हता. एरवी असला माल बंदराबाहेर नांगर टाकून छोट्या पडावांत उतरवायचा, पण युद्धाच्या घाईत तो नियमही सैल केलेला, म्हणून ती सरळ गोदीत आत. शेजारी दहा-अकरा बोटी, पाठीमागे गोदामं, त्याच्या मागे मांडवी आणि मस्जिद बंदर.

आणि उतरवायला सुरुवात कशापासून? मासळीच्या खतापासून. वास मारत होतं म्हणून. दारुगोळा न्यायला पडाव वेळेत आले नाहीत. दोन दिवस बोट धक्क्याला लागून होती.


वऱ्हाडी झटका
14 एप्रिल, दुपारी 3:15

भाऊ मी अकोल्याचा, आमचं घरचं जिनिंग-प्रेसिंग होतं आजोबाच्या काळापासून तं कापसाबद्दल बोलतो. 8,700 गाठी म्हनजे आजच्या 170 किलोच्या हिशोबानं 1,479 टन होते. म्हनजे बोटीत दारुगोळ्यापेक्षा कापूसच जास्त होता! हे कोनी सांगत नाही.

आता गाठीची आग कशी असते ते आयका. गाठ दाबून बांधलेली असते पन आत हवा राह्यतेच. ठिणगी आत गेली की ती भडकत नाही, धुमसते. बाहेरून पाह्याल तं नुसता धूर. पानी मारा, वरची रुई ओली होते अन आतली तशीच जळत राह्यते. आमच्या इथं गंजीला आग लागली की पह्यले काय करत, तं जळती गाठ ओढून लांब मैदानात न्यायची, पट्ट्या तोडून फोडायची, मंग पानी. आत ठेवून पानी मारून इझत नाही बाप्पा. आता ते बोटीच्या पोटात खाली, वरून दारुगोळा रचलेला, धुरानं काही दिसत नाही, कोन जानार आत ओढायला?


मांडवीची पोर
14 एप्रिल, दुपारी 4:06

वेळ बघून मुद्दाम 4:06 ला पोस्ट करतेय 🙂 पहिला स्फोट 4 वाजून 6 मिनिटांनीच झालेला.

माझी आजी तेव्हा अकरा वर्षांची, मांडवीत चाळीत तिसऱ्या मजल्यावर. एप्रिल म्हणजे वाळवणं, गच्चीवर कुरडया घातलेल्या आणि कावळे हाकलायला तिला बसवलेलं. दुपारी दोनपासून गोदीकडून धूर दिसत होता म्हणे, पण गोदीत धूर ही काय नवलाई नव्हती. मग आवाज. ती म्हणायची आवाज आधी आला नाही, आधी गच्ची हलली. मग सगळ्या खिडक्यांच्या काचा. आणि मग आकाशातून जळता कापूस पडायला लागला, मोठेमोठे पेटते गोळे, ते कुरडयांवर पडलेले तिला आयुष्यभर आठवायचे. माणसं मेलेली पण बघितली असतील तिनं, त्यावर कधी बोलली नाही. कुरडयांवर बोलायची.

सगळ्यांना वाटलं जपान्यांनी बॉम्ब टाकले. पणजोबा म्हणाले चला, आणि जे हातात येईल ते घेऊन चालत परळला मावशीकडे. जात असतानाच दुसरा झाला. आजीच्या हातात काय होतं तर कावळे हाकलायची काठी. परळपर्यंत तीच.


चहाबाज
14 एप्रिल, दुपारी 4:20

काठीवर येऊन थांबलो. __/\__


धक्क्यावरचा
14 एप्रिल, रात्री 8:35

मांडवीची पोर, धन्यवाद, हे असलं काही लिहून मिळेल म्हणूनच धागा काढला होता. वऱ्हाडी भाऊ, तुमच्या प्रतिसादानं माझं पुढचं काम सोपं केलं.

शुक्रवार होता. दुपारी दोनच्या सुमाराला दोन नंबरच्या होल्डमधून धूर दिसला. होल्ड म्हणजे बोटीचं पोट, अशा बोटींना पाच असतात. दोन नंबरमध्ये खाली कापूस, वरच्या मजल्यावर स्फोटकं, आणि वंगणतेलही त्याच बोटीत. बंब आले, गोदीतल्या बंबबोटी आल्या, 900 टनांहून जास्त पाणी ओतलं. आणि इथे ते भयंकर आहे, की कापूस तरंगतो. जसं पाणी वाढलं तशा जळत्या गाठी वर वर, स्फोटकांच्या मजल्याकडे उचलल्या गेल्या. म्हणजे विझवणाऱ्यांनीच, स्वतःला माहिती नसताना, आग वर चढवली. खालचं पाणी उकळायला लागलेलं. बोटीच्या बाजूचा पत्रा इतका तापला की रंगाला फोड आले. गॅस कटरनं बाजू कापून आत पाणी मारायचा प्रयत्न झाला, कटर चालला नाही.

माझं म्हणणं सगळं या दोन तासांबद्दल आहे. धक्क्यावर दारुगोळ्याचा अधिकारी होता, त्याला कळत होतं की ही बोट सगळी गोदी घेऊन जाऊ शकते, तो म्हणे बुडवा. गोदीत पाणी इतकं उथळ की बुडवली तरी पुरती बुडणार नाही. गोदीचा साहेब म्हणे बाहेर समुद्रात न्या. बंबवाल्यांना वाटत होतं आटोक्यात येईल. कप्तानाला कुणाचं ऐकावं कळेना. चौघे जाणकार, चौघांकडे चार मतं, आणि 'मी सांगतो तसं करा' असं म्हणायचा अधिकार एकाकडेही नाही. 3:50 ला बोट सोडायचा हुकूम सुटला. 16 मिनिटांनी पहिला स्फोट, बोटीचे दोन तुकडे. साधारण अर्ध्या तासानं चार नंबरच्या होल्डमधला दुसरा, पहिल्याहून मोठा.

कप्तान नेस्मिथ गेले. 66 अग्निशमन जवान गेले. अकरा बोटी बुडाल्या किंवा निकामी झाल्या. एकूण माणसं किती याचे आकडे 800 ते 1,300 असे सांगतात, आणि गोदीत रोजावर येणाऱ्या हमालांची हजेरी कुठल्या कागदावर असणार तेव्हा. धक्का शिमल्याच्या भूकंपमापकावर नोंदला गेला, 1,700 किलोमीटर लांब. काचा बारा किलोमीटरपर्यंत फुटल्या.


सोनेरी स्वप्न
14 एप्रिल, रात्री 8:50

सोनं! सोन्याचं सांगा! किती मिळालं, किती अजून गाळात आहे, आणि ओहोटीला भाऊच्या धक्क्याला चाळण घेऊन गेलं तर काय चान्स 😄


नाखवा
14 एप्रिल, रात्री 9:02

@सोनेरी स्वप्न जा की. चाळणीत जुनी चप्पल येईल.

124 विटा, प्रत्येकी 12.7 किलो, म्हणजे दीड टनाहून थोडं जास्त सोनं. त्यातली एक वीट उडून मैलभर लांब एका पारशी गृहस्थाच्या घराचं छप्पर फोडून आत पडली, त्यांनी ती परत नेऊन दिली. बाकीच्या बऱ्याचशा गाळ उपसताना मिळत गेल्या, सत्तरच्या दशकातही सापडत होत्या. आणि नुसतं सोनं नाही सापडत, न फुटलेले गोळेही सापडतात. तेव्हा चाळण जपून.


शंकेखोर
14 एप्रिल, रात्री 9:30

सगळं ठीक पण घातपात नव्हताच हे कशावरून? 1944, आझाद हिंद सेना इंफाळच्या दारात, जपानी बंगालच्या उपसागरात, आणि नेमकी मुंबईची गोदीच उडते? जपान्यांच्या ताब्यातल्या सायगाव रेडिओनं दुसऱ्याच दिवशी सगळी बातमी दिली आणि इथल्या पेपरांना मात्र मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यापर्यंत छापायची परवानगी नाही. काहीतरी लपवायचं असल्याशिवाय का?


खवळलेला दर्या
14 एप्रिल, रात्री 10:10

शंकेखोर, लपवायचं होतंच. पण जपान्यांचा हात कशाला लपवतील, तो तर सांगितला असता तर सरकारचीच अब्रू वाचली असती. लपवायचं होतं ते हे, की हिंदुस्थानातलं सगळ्यात महत्त्वाचं बंदर आपल्याच हातानं उडवलं आणि ते आता महिनोन्महिने बंद. शत्रूला ते कळू द्यायचं नव्हतं. चौकशी आयोग बसला, घातपात त्यांना दिसला नाही, कापसात कुणीतरी टाकलेली सिगारेट हेच बहुधा कारण धरलं गेलं. मी स्वतः बोटीवर असे फाळके (होल्डची तोंडं) पाहिलेत की जिथे 'धूम्रपान निषिद्ध' पाटीखाली थोटकं पडलेली असतात. पाटी वाचून बिडी पेटवायची आपली जुनी सवय आहे. सिगारेटीला कट लागत नाही, आळस लागतो.

आता सकाळी म्हटलेलं लिहितो.

पहिली, यू. एस. एस. सर्पेन्स. लिबर्टी जहाज, बांधायला घेतलं तेव्हा नाव बेंजामिन एन. कार्डोझो, अमेरिकन न्यायाधीशाचं. नौदलानं घेतल्यावर नाव बदललं, कारण या वर्गातल्या बहुतेक मालवाहू बोटींना ताऱ्यांची आणि नक्षत्रांची नावं द्यायचे. सर्पेन्स म्हणजे आकाशातला भुजंग. 28 मे 1943 ला नौदलात दाखल. माणसं मात्र तटरक्षक दलाची. पॅसिफिकमध्ये बेटाबेटांवर माल पोचवायचा, बास, इतकंच काम. दोन युद्धांच्या मधल्या खानावळवाल्यासारखं, सगळ्यांना जेवण पोचवायचं आणि फोटोत कुठे नाही. 29 जानेवारी 1945 च्या रात्री ग्वाडलकॅनालच्या लुंगा किनाऱ्यासमोर पाणबुडीविरोधी बॉम्ब भरत असताना फुटली. अडीचशेच्या आसपास माणसं गेली, बोटीवरची फक्त दोन वाचली, ती नाळेकडच्या, म्हणजे बोटीच्या पुढच्या टोकाच्या, खणात होती म्हणून. कप्तान आणि आणखी काही जण कामासाठी किनाऱ्यावर होते म्हणून जगले. अमेरिकन तटरक्षक दलाच्या इतिहासातली एका दिवसातली सगळ्यात मोठी हानी. आधी शत्रूचा हल्ला म्हणाले, मग अपघात, कारण निश्चित नाही असं ठरलं. वीस महिन्यांची नोकरी. 1949 मध्ये सगळ्यांना एकत्र अर्लिंग्टनच्या लष्करी दफनभूमीत पुरलं, कारण वेगवेगळं ओळखता येत नव्हतं.

दुसरी, माउंट हूड. ही नौदलाची खास दारुगोळ्याची बोट. 1 जुलै 1944 ला दाखल आणि 10 नोव्हेंबर 1944 ला खलास. चार महिने दहा दिवस! त्यातले बरेच दिवस अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावरून पनामामार्गे पॅसिफिकमध्ये पोचण्यातच गेले असणार. न्यू गिनीच्या उत्तरेला मानूस बेटाच्या सीअॅडलर बंदरात सकाळी 8:55 ला 3,800 टन दारुगोळ्यासकट. नंतर पाणबुडे खाली गेले तर बोटीच्या पत्र्याचा सगळ्यात मोठा तुकडा सापडला तो सोळा इंच बाय दहा इंच. एक अधिकारी सतरा माणसं घेऊन त्या सकाळी काही कामाला किनाऱ्यावर उतरला होता, पूर्ण बोटीतले तेवढेच उरले.

बघा, तिघींचं साम्य काय तर एकही लढाईत गेली नाही. बंदरात, नांगरावर, माल चढवता-उतरवताना. आमच्यात म्हणतात बोटीला दर्यात भीती नसते, धक्क्यावर असते.


मांडवीची पोर
14 एप्रिल, रात्री 10:31

सोळा बाय दहा म्हणजे आमच्या मिक्सरचं झाकण काढल्यावर जो ट्रे... नको. अंगावर काटा.


थंडीतला इडलीवाला
15 एप्रिल, पहाटे 3:40

व्हँकुव्हरहून. धाग्यात प्रिन्स रूपर्टचं नाव बघून उडालो. गेल्या वर्षी अलास्काच्या फेरीसाठी तिथे एक रात्र काढली होती. आमच्याकडच्या लोकांना सांगायचं तर कोकणातला जुलै बारा महिने. इतका पाऊस की लोक छत्री वापरायचं सोडून देतात. छोटंसं गाव, रेल्वे जिथे संपते ते टोक. युद्धात तिथल्या गोदीत अशा दहा हजार टनी बोटी बांधत होते यावर गाव बघून विश्वास बसत नाही.

नावाचं पण सांगतो. कॅनडात बांधलेल्या या बोटी ब्रिटिशांना गेल्या की नाव 'फोर्ट' अमुक आणि कॅनडानंच ठेवल्या की 'पार्क' तमुक. फोर्ट म्हणजे हडसन्स बे कंपनीची जुनी व्यापारी ठाणी. फोर्ट स्टिकिन हे ठाणं आज अलास्कातल्या रँगेल गावी यायचं, स्टिकिन नदीच्या मुखाजवळ. केसाळ कातड्यांचा व्यापार चालायचा. म्हणजे कातड्यांच्या व्यापाराच्या ठाण्याचं नाव घेऊन बोट कापसात जळाली. मला नीट सांगता येत नाहीये पण हे डोक्यातून जात नाही.


हर्णैचा
15 एप्रिल, सकाळी 9:15

आमच्या घरात फोर्ट स्टिकिनचं नाव कधी घेतलं नाही, जलपद्माचं घ्यायचे. सिंदिया कंपनीची बोट, तिच्या जवळच गोदीत उभी होती. आजोबांचा चुलतभाऊ त्या कंपनीत खलाशी होता, त्या दिवशी सुट्टीवर हर्णैला आलेला म्हणून वाचला. स्फोटानं जलपद्मा अशी उचलली की तिची मागची बाजू धक्क्यावरच्या शेडवर जाऊन पडली. जवळजवळ चार हजार टनांची बोट! त्याचा फोटो आहे, नेटवर मिळेल, बघितला की आधी कळतच नाही आपण काय बघतोय, छपरावर बोट कशी.

सिंदियाचीच एल हिंद पण तिथेच जळाली. आणि फोर्ट स्टिकिनची बहीण म्हणावी अशी फोर्ट क्रेव्हिअर पण त्याच गोदीत होती, तीही निकामी. दोन बहिणी, कॅनडातून निघून मुंबईत एकाच दिवशी.

चुलत आजोबा परत कधी बोटीवर गेले नाहीत. आंब्याची कलमं लावली.


शंकेखोर
15 एप्रिल, सकाळी 10:00

मान्य, सिगारेट. पण धक्क्यावरचा यांचा 'चौघांची चार मतं' मुद्दा मला पटत नाही. एकाला अधिकार असता आणि त्यानं चुकीचा निर्णय घेतला असता तर? बाहेर समुद्रात न्यायला निघाले असते आणि गोदीच्या दारात फुटली असती तर सगळं बंदरच बंद झालं असतं.


धक्क्यावरचा
15 एप्रिल, सकाळी 11:25

शक्य आहे. ते मी नाकारत नाही. पण एका गोष्टीला निर्णयच लागत नव्हता, बघ्यांना आणि कामगारांना लांब हाकलायला. दोन तास हातात होते. शेजारच्या बोटींवर काम चालू, शेडमध्ये माणसं, गल्ल्यांत माणसं, गच्चीवर अकरा वर्षांची पोरगी कुरडया राखतेय. बोट वाचली नसती हे मान्य. माणसं किती वाचली असती याचा हिशोब करायला कुणी बसलं नाही, कारण आग विझवायची हे सगळ्यांना माहिती होतं आणि पळवायचं हे कुणाचंच खातं नव्हतं.


नाखवा
15 एप्रिल, सकाळी 11:50

+1. 'कुणाचंच खातं नव्हतं' हे आजही तंतोतंत. (राजकारण नको, संपादक येतील.)


संपादक
15 एप्रिल, दुपारी 12:10

आलो आहे. धागा छान चाललाय, चालू द्या. एक प्रतिसाद काढून टाकला आहे, त्यात सोनं शोधायच्या यंत्राची जाहिरात होती.


सोनेरी स्वप्न
15 एप्रिल, दुपारी 12:12

मी नव्हतो तो!


मांडवीची पोर
15 एप्रिल, संध्याकाळी 6:40

आईला धागा वाचून दाखवला. ती म्हणाली पणजोबांनी नुकसानभरपाईचा अर्ज केला होता, सरकारनं जबाबदारी घेतली होती म्हणून ज्यांनी अर्ज केले त्यांना पैसे मिळाले. पणजोबांनी यादीत लिहिलेलं: तांब्याचे हंडे दोन, शिलाई मशीन एक, धान्य. धान्याला पैसे मिळून काय उपयोग, ते बाजारातच नव्हतं. धान्याची कोठारं जळालेली ना, पन्नास हजार टनांच्या वर धान्य गेलं असं म्हणतात, मग काळ्या बाजारात जे मिळेल ते. चाळ मात्र जळाली नाही, पण आतलं सगळं काळं. चार महिन्यांनी परत राहायला गेले.

आणि अर्जात कुरडया लिहिल्या नव्हत्या म्हणून आजी पणजोबांवर रागावलेली 🙂


वऱ्हाडी झटका
15 एप्रिल, संध्याकाळी 7:05

आजीचं बरोबर हाये. मेहनत होती ते.


चहाबाज
16 एप्रिल, सकाळी 9:30

बोट ज्या धक्क्याला होती ती जागा आता बघता येते का? रविवारी जायचा विचार आहे.


धक्क्यावरचा
16 एप्रिल, सकाळी 10:15

नाही. व्हिक्टोरिया डॉक आणि शेजारचा प्रिन्सेस डॉक दोन्ही भरून टाकलेत, कंटेनर ठेवायला जागा केली. जिथे बोट तरंगत होती तिथे आता जमीन आहे. आणि बंदराचा भाग असल्यामुळे आत असंच सोडत नाहीत. स्फोटानंतर आठ हजार माणसं सात महिने राबली आणि पाचेक लाख टन ढिगारा उपसून तो डॉक परत चालू केला होता, त्यातच पुन्हा भर घातली असं म्हणायचं.

भायखळ्याला स्मारक आहे, तिथे जा. रस्त्यावरूनही दिसतं.


हर्णैचा
16 एप्रिल, सकाळी 10:40

रविवारी मीपण मुंबईत आहे. भायखळ्याला किती वाजता?


चहाबाज
16 एप्रिल, सकाळी 10:44

दहा. आधी चहा, स्टेशनच्या बाहेर.


मांडवीची पोर
16 एप्रिल, सकाळी 11:02

मी आईला घेऊन येते. तिला कुरडया आणायला सांगू का?